बाह्य दुवे : ठेवायचे कोणते, उडवायचे कोणते?

लालशाई (धागाकर्ती)

मंडळी, परवा ऑनलाइन ज्ञानकोशातल्या एका लेखाची झाडलोट केली आणि तासाभरात कोणीतरी ती जशीच्या तशी उलटवली. लेखाचं नाव मुद्दाम देत नाही. दिलं तर इथून चार जण तिकडे धावतील आणि नसतं भांडण लागेल. जगभर खेळल्या जाणाऱ्या एका जुन्या बैठ्या खेळावरचा लेख आहे, बोलण्यापुरतं बुद्धिबळ समजा.

लेख वाईट नव्हता. पण तळाशी 'बाह्य दुवे' या मथळ्याखाली ३४ दुवे! मोजले. त्यांतले ९ मेलेले, ६ ऑनलाइन खेळायच्या संकेतस्थळांचे, ५ शिकवण्यांचे, ४ ब्लॉग (त्यांतले दोन एकाच माणसाचे), ३ फेसबुक गट, २ पट-सोंगट्या विकणारे, १ कोणीतरी अख्खं पुस्तक स्कॅन करून चढवलेलं, आणि १ चक्क सर्च इंजिनच्या निकालांचं पान. उरले तीन. ते ठेवले, बाकीचे उडवले, संपादनाच्या सारांशात 'दुव्यांची छाटणी' असं लिहिलं.

उलटवणाऱ्याचा सारांश : 'उपयुक्त माहिती काढू नये.'

तेव्हापासून हा 'उपयुक्त' शब्द डोक्यातून जात नाहीये. उपयुक्त तर सगळंच असतं. ज्याला पट विकत घ्यायचाय त्याला दुकानाचं पान उपयुक्तच की! मी लावलेली कसोटी वेगळी होती : हा लेख उद्या अगदी सर्वोत्तम झाला, तरी त्यात मावणार नाही असं काही या दुव्यापलीकडे आहे का? असेल तर ठेवा. नसेल तर ती माहिती लेखात लिहा आणि दुवा काढा. कसोटी माझी नाही, इंग्रजी विकिपीडियाच्या मार्गदर्शक तत्त्वांत साधारण हेच आहे. वाचताना पटतं, प्रत्यक्ष कापायला बसलं की हात अडखळतो.

तुम्ही काय करता?

ओढाळ

लालशाई, राग मानू नका, पण मी असतो तर मीही उलटवलं असतं. एका फटक्यात ३४ चे ३? दुवे आहेत, तण नव्हे.

मी ज्ञानकोश वाचतो तोच मुळी पुढे कुठेतरी जाण्यासाठी. लेख म्हणजे माझ्यासाठी एसटी स्टँड. तिथून गाड्या सुटल्या पाहिजेत. तुम्ही गाड्या बंद करून स्टँड झाडून लख्ख ठेवताय. तळाशी दहा ओळी जास्त असल्या तर कोणाचं काय बिघडतं? ज्याला नको तो खाली जाणारच नाही.

गोम

ओढाळ, स्टँडवर गाड्या हव्यात हे मान्य. पण इथे ३४ पैकी ९ गाड्या भंगारात आहेत, दोन थेट दुकानात नेऊन उतरवतात आणि एक गोल फिरून त्याच स्टँडवर येते.

लालशाई

:-)

ओढाळ, 'कोणाचं काय बिघडतं' याचं उत्तर देते. त्या ३४ मध्ये एक रत्न होतं. तो दुवा होता एकविसाव्या क्रमांकावर, एका शिकवणीच्या आणि एका फेसबुक गटाच्या मध्ये. मी स्वतः तो लेख पाच-सहा वेळा उघडला असेन, मला तो कधी दिसला नाही. छाटायला बसले तेव्हा एकेक उघडून पाहिला म्हणून सापडला. गर्दीत चांगला दुवा मरतो, हेच बिघडतं.

अर्धविराम

विषय जिव्हाळ्याचा आहे, म्हणून जरा लांब लिहितो.

आधी एक गैरसमज. 'दुवे टाकून आता काही मिळत नाही, त्यामुळे जाहिरातबाजी संपली' असं बरेच जण धरून चालतात. त्याचं मूळ 'नोफॉलो' या खुणेत आहे. जानेवारी २००५ मध्ये मोठ्या सर्च इंजिनांनी ती मान्य केली. ज्या दुव्यावर ही खूण आहे तो संकेतस्थळाची पत ठरवताना धरायचा नाही, असा तिचा तेव्हाचा अर्थ. इंग्रजी विकिपीडियाने जानेवारी २००७ पासून सगळ्या बाह्य दुव्यांना ती लावली. म्हणजे इथे दुवा चिकटवून शोधनिकालात वर चढायची वाट तेव्हाच बंद झाली.

पण माणसं दुव्यावर टिचकी मारतातच ना! २०२१ साली एक शोधनिबंध आला. त्यात इंग्रजी विकिपीडियावरून महिन्याला बाहेर किती लोक जातात ते मोजलं होतं. आकडा निघाला ४ कोटी ३० लाख टिचक्या. एवढी वर्दळ सर्च इंजिनवर जाहिरात देऊन मिळवायची झाली तर संकेतस्थळांच्या मालकांना मिळून महिन्याला ७० लाख ते १ कोटी ३० लाख डॉलर मोजावे लागतील, असा त्यांचा अंदाज होता. हे फुकटात मिळतंय म्हटल्यावर लोक रांगेत उभे राहणारच.

त्याच निबंधातली दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. सगळ्यांत जास्त प्रमाणात टिचक्या पडतात त्या माहितीचौकटीतल्या (लेखाच्या बाजूला ठळक माहिती असते ती चौकट) अधिकृत संकेतस्थळाच्या दुव्यावर, सरासरी २.४७ टक्के. आणि संदर्भांवर? २०२० च्या एका अभ्यासानुसार दर ३०० पानं पाहिली गेली की जेमतेम एका संदर्भावर टिचकी पडते. ओढाळ म्हणतात ते स्टँडवरचे प्रवासी आहेत, पण त्यांतल्या बहुतेकांना एकच गाडी हवी असते. ती नीट लागली पाहिजे आणि पाटी खरी पाहिजे.

ओढाळ

आकड्यांबद्दल धन्यवाद. पण बुद्धिबळाचं अधिकृत संकेतस्थळ कोणतं हो? फिडेचं?

अर्धविराम

हाच तर झकास प्रश्न आहे. खेळाला अधिकृत संकेतस्थळ नसतं. फिडे ही १९२४ साली पॅरिसमध्ये स्थापन झालेली बुद्धिबळाची जागतिक संघटना आहे. तिच्या मुखपृष्ठाचा दुवा *फिडेच्या* लेखात हवा, तिथे तो अधिकृतच आहे. बुद्धिबळाच्या लेखात तो निव्वळ आदरापोटी टाकतात. थोरामोठ्यांना नमस्कार केल्यासारखा.

लालशाई

पण फिडेच्या संकेतस्थळावर नियमांची पूर्ण संहिता आहे. मी ठेवलेल्या तिघांतला तो एक आहे, फक्त मुखपृष्ठाचा दुवा काढून थेट नियमांच्या पानाचा दिला. लेखात नियम आहेत, पण घड्याळ चुकून पडलं तर काय, एका हाताने सोंगटी हलवून दुसऱ्याने घड्याळ दाबलं तर काय, असलं सगळं लेखात घालत बसलं तर लेखाचं हस्तपुस्तक होईल. ज्याला ते हवं त्याने मूळ संहितेकडे जावं. कसोटीला उतरतो की नाही?

पानगळ

उतरतो. आणि थेट पानाचा दुवा दिलात ते उत्तम. मुखपृष्ठाचा दुवा म्हणजे 'इकडेच कुठेतरी आहे, शोधा' असं सांगणं.

फक्त एक धोका सांगतो. संकेतस्थळाची रचना बदलली की आतल्या पानांचे पत्ते आधी मरतात, मुखपृष्ठ टिकतं. तेव्हा वर्षा-दोन वर्षांनी तपासायला लागेल.

मेलेल्या दुव्यांबद्दल एक गोष्ट बरेच नवीन संपादक चुकतात. संदर्भातला दुवा मेला तर तो काढायचा नाही. त्या वाक्याचा आधार तोच आहे. इंटरनेट आर्काइव्हच्या वेबॅक मशीनवर त्याची जुनी प्रत शोधायची आणि जोडायची. हे काम करणारा सांगकाम्याही (आपोआप संपादनं करणारा बॉट) आहे. विकिपीडियांवरचे ९० लाख मेलेले दुवे त्याने आणि स्वयंसेवकांनी सावरले, असं आर्काइव्हने २०१८ मध्येच जाहीर केलं होतं. पण बाह्य दुव्यांतला दुवा मेला तर सरळ काढा. त्याच्यावर लेखातलं काहीच उभं नसतं. तिथली सामग्री खरोखर दुर्मिळ असेल तरच जुन्या प्रतीचा दुवा द्या.

प्यू संशोधन केंद्राने २०२४ मध्ये दिलेला आकडा : विकिपीडियाच्या ५४ टक्के पानांवर संदर्भांमधला किमान एक दुवा मेलेला आहे. मुख्य, सांभाळलेल्या जागेत ही अवस्था. तळातल्या बाह्य दुव्यांकडे तर कोणी ढुंकूनही पाहत नाही.

गोम

नुसते मेलेले परवडले. मी एकदा एका बंद पडलेल्या संस्थेच्या लेखात 'अधिकृत संकेतस्थळ' वर टिचकी मारली तर जुगाराचं पान उघडलं. संकेतस्थळाच्या पत्त्याची नोंदणी संपली होती, कोणीतरी तो पत्ता उचलला आणि दुकान मांडलं. लेख बिचारा अजून 'अधिकृत' म्हणून तिकडे बोट दाखवत होता.

पानगळ

हो, हे पद्धतशीर चालतं. ज्ञानकोशातून दुवा असलेले आणि मुदत संपलेले पत्ते हेरून विकत घेतले जातात. असा पत्ता दिसला की एका लेखात दुरुस्त करून थांबू नका. दुवे शोधायचं विशेष पान आहे, त्यात संकेतस्थळाचा पत्ता घातला की तो कुठकुठल्या लेखांत आहे ते दिसतं. अधिकृत दुवे विकिडेटावरून (विकिपीडियांच्या सामाईक माहितीसाठ्यावरून) येत असतील तर अजून सोपं. तिथे एकदा बदललं की तिथून माहिती घेणाऱ्या सगळ्या लेखांत बदलतं. ते 'अधिकृत संकेतस्थळ' या गुणधर्मात असतं, पी ८५६.

शेंडेफळ

नवीन आहे, सांभाळून घ्या. एखाद्या व्यक्तीचं संकेतस्थळ आहे, ट्विटर आहे, इन्स्टा आहे, यूट्यूब वाहिनी आहे. सगळं अधिकृतच. सगळे टाकायचे का?

अर्धविराम

एक पुरे. स्वतःच्या संकेतस्थळावरून बाकी सगळीकडे जाता येत असेल तर तेच द्यायचं. दुसऱ्यावर खरोखर वेगळं, मोठं काही असेल तर अपवाद. लेखाच्या तळाशी आपल्याला माणसाचं व्हिजिटिंग कार्ड छापायचं नाहीये.

काजवा

आता मी बोलतो, कारण त्या ३४ जणांसारखाच मीही आहे. म्हणजे तो लेख वेगळा असेल, पण पाप तेच.

माझं एक छोटं संकेतस्थळ आहे, बुद्धिबळातल्या अंतिम डावांच्या (पटावर मोजक्याच सोंगट्या उरतात तेव्हाच्या) कूटप्रश्नांचं. जाहिराती नाहीत, पैसे मागत नाही, खर्च खिशातून. रात्री जागून एकेक पट हलता केलाय. वाटलं लोकांना कळावं, म्हणून ११ लेखांत दुवा टाकला. दुसऱ्या दिवशी अकराही गायब आणि माझ्या चर्चा पानावर इशारा : 'कृपया जाहिरातबाजी करू नका.' तयार मजकुराचा साचा चिकटवलेला. माणसाने लिहिलेलं एक वाक्य नाही.

खरं सांगतो, फार लागलं. मी काय विकतोय? मला सांगा, एकाने तरी दुवा उघडून पाहिला का? इथे दुवे देणारे मिळतात, दुवा देणारा मिळत नाही.

वेलांटी

काजवा, 'दुवे देणारे आणि दुवा देणारा'... हे मी ढापणार आहे.

अर्धविराम

काजवा, तुमच्या बाजूने आणि विरुद्ध, दोन्ही बोलतो.

विरुद्ध आधी. बाहेरून काय दिसलं ते पाहा. नवं खातं, एका संध्याकाळी ११ संपादनं, सगळ्यांत एकच पत्ता, लेखात अक्षराची भर नाही. पानगळांनी सांगितलेलं दुवे शोधायचं पान उघडलं की तो रांगेत दिसतो. जाहिरातबाजांचा नमुना हाच असतो. तपासणाऱ्याला तुमचं जागरण दिसत नाही. आणि आपल्याच संकेतस्थळाचा दुवा आपणच टाकायचा नाही, हा संकेत प्रामाणिक माणसालाही लागू आहे. आपलं लेकरू सगळ्यांनाच गोरं दिसतं.

आता तुमच्या बाजूने. 'जाहिरात नाही' ही पुरेशी पात्रता नाही, तसंच 'मालकाने टाकला' हा कायमचा कलंकही नाही. लेखाच्या चर्चा पानावर जा, 'हे संकेतस्थळ माझं आहे' असं पहिल्याच वाक्यात सांगा, या लेखात नसलेलं तिथे नेमकं काय आहे ते सांगा, आणि निर्णय दुसऱ्यावर सोडा. साचा चिकटवणाऱ्याने दोन ओळी हाताने लिहायला हव्या होत्या, यात वादच नाही.

लालशाई

काजवा, मी पाहते. तुमच्या मते सगळ्यांत चांगलं पान कोणतं? एकच सांगा.

काजवा

बुद्धिबळपटू रिचर्ड रेटीचं. १९२१ सालची रचना. पांढऱ्याचा राजा एच ८ या घरावर आणि प्यादं सी ६ वर, काळ्याचा राजा ए ६ वर आणि प्यादं एच ५ वर. पांढऱ्याची चाल, बरोबरी साधायची. पाहिल्यावर हसूच येतं. काळ्याचं प्यादं केव्हाच सुटलंय, पांढरा राजा दोन घरं मागे आहे, आणि त्याचं स्वतःचं प्यादं काळ्या राजाच्या तोंडात. तरी डाव बरोबरीत सुटतो, कारण राजा कर्णरेषेत उतरतो आणि एकाच वाटेवर दोन्ही प्याद्यांच्या जवळ येत जातो. माझ्या पानावर ते हलवून पाहता येतं. चुकीची चाल खेळलात तर कुठे हरता तेही दिसतं.

ओढाळ

मी बुद्धिबळ खेळत नाही, तरी आत्ता उघडून पाहिलं. वीस मिनिटं गेली. लालशाई, हा दुवा उडवला तर माझी-तुमची गाठ आहे.

लालशाई

उडवत नाही हो. पण कसोटी लावू द्या.

रेटीच्या लेखात ही रचना यायलाच हवी. पटाची आकृती काढायचा साचा आहे, म्हणजे स्थिती लेखात दाखवता येते. चाली चार ओळींत लिहून होतात. मग दुव्याकडे उरतं काय? हलता पट आणि 'चुकलं तर काय' हा भाग. तो लेखात मावत नाही. माझं मत : रेटीच्या लेखात ठेवायला हरकत नाही. बाकीच्या दहा लेखांत नाही. 'बुद्धिबळ' या मुख्य लेखात तर मुळीच नाही.

आणि हेच मला एकविसाव्या क्रमांकाच्या रत्नाबद्दल कळलं. ते रत्न म्हणजे अंतिम डावांची कोष्टकं शोधायचं पान. पटावर सातच सोंगट्या उरल्या असतील तर कोणत्याही स्थितीचा अचूक निकाल सांगतात ती. सात सोंगट्यांचा 'सिझिजी' नावाचा कोष्टकसंच २०१८ मध्ये पुरा झाला, आकार १७-१८ टेराबाइटच्या घरात. हे कुठल्या लेखात मावणार? कसोटीला शंभर टक्के उतरतो. तरी मुख्य लेखात त्याची जागा नव्हती. या कोष्टकांवर स्वतंत्र लेख आहे, तिथे तो पहिला दुवा असायला हवा. मी तो मुख्य लेखात ठेवला होता, ती चूक झाली. दुवा बरोबर, पान चुकलं.

वेलांटी

'दुवा बरोबर, पान चुकलं' हे फार जागी लागू पडतं. खेळाडूंची चरित्रं खेळाच्या लेखात, एका स्पर्धेचे निकाल सगळ्या स्पर्धांच्या लेखात... लोक नेहमी सगळ्यांत वरच्या, सगळ्यांत गर्दीच्या पानावर दुवा टाकतात.

माझा प्रश्न वेगळा आहे. इंग्रजी विकिपीडियाचं धोरण म्हणतं, परभाषेतल्या पानांचे दुवे शक्यतो नकोत. तेच वाक्य उचलून मराठी विकिपीडियाला लावलं तर बहुतेक लेखांच्या तळाशी शुकशुकाट होईल. आणि 'ब्लॉग नकोत' हाही नियम तसाच. इंग्रजीत एका विषयावर विद्यापीठाची पाच पानं असतात, तेव्हा ब्लॉग नको म्हणणं सोपं जातं. मराठीत कधीकधी त्या विषयावर मन लावून लिहिलेला मजकूर एकाच ब्लॉगवर असतो.

पथ्य

भाषेबद्दल सहमत. मराठी पान असेल तर ते आधी, नसेल तर इतर भाषेतलं, आणि पुढे भाषा लिहायची. वाचकाला टिचकी मारण्याआधी कळलं पाहिजे.

ब्लॉगबद्दल मात्र सावध. मी आजारांवरच्या लेखांत काम करतो. तिथे 'मन लावून लिहिलेला ब्लॉग' म्हणजे बहुतेक वेळा 'मी अमुक सोडलं आणि बरा झालो'. लिहिणारा खोटं बोलत नसतो. पण रात्री दोन वाजता घाबरून लेख उघडणारा माणूस तळाशी दिसलेल्या दुव्याला ज्ञानकोशाचा सल्ला समजतो. म्हणून रुग्णांचे अनुभव, मदतगट, दवाखान्यांची पानं, देणग्या मागणाऱ्या संस्था, सगळं मी काढतो. निर्दयपणे. शिव्या खातो.

वेलांटी

आजारांचं मान्यच. मी विचारतेय ते ब्लॉग लिहिणारा त्या विषयातला जाणकार म्हणून ओळखला जात असेल तर. माझ्या मते तिथे माध्यम बघू नये, लिहिणारा कोण ते बघावं.

अर्धविराम

मूळ तत्त्वही तेच आहे. मान्यताप्राप्त जाणकाराच्या ब्लॉगला तिथेही अपवाद आहे. फक्त 'मला आवडतो' म्हणजे मान्यताप्राप्त नव्हे. त्याचं लेखन इतरांनी छापील पुस्तकांत, नियतकालिकांत आधाराला घेतलंय का? मग प्रश्नच नाही. तसं असेल तर खरं म्हणजे तो बाह्य दुवा म्हणून देऊच नका. त्याचा संदर्भ देऊन लेखात दोन परिच्छेद लिहा. वाचकाचं जास्त भलं होईल.

शेंडेफळ

स्कॅन केलेल्या पुस्तकाचं काय? ते तर वाचकाच्या सोन्यासारखं उपयोगाचं.

लालशाई

ते मी सगळ्यांत आधी उडवलं आणि त्याबद्दल तसूभरही वाईट वाटलं नाही. हयात लेखकाचं, बाजारात मिळणारं पुस्तक परवानगीशिवाय चढवलेलं होतं. प्रत आपल्याकडे नाही, नुसता दुवा आहे, ही पळवाट चालत नाही. चोरीचा माल कुठे मिळतो त्याचा पत्ता सांगणंही अंगाशी येऊ शकतं. १९९९ मध्ये अमेरिकेतल्या एका न्यायालयाने असे दुवे देण्याविरुद्ध मनाई दिली होती आणि विकिपीडियाच्या धोरणात त्या खटल्याचा हवाला आहे. व्हिडिओंचंही तसंच. सामन्याचं चित्रीकरण हक्कदाराने स्वतः चढवलं असेल तर ठीक, कोणा 'चाहत्या'ने चढवलं असेल तर नाही.

उलट जुना जगज्जेता कापाब्लांका याचं १९२१ सालचं पुस्तक प्रोजेक्ट गुटेनबर्ग या मोफत ई-ग्रंथालयात उघड्यावर आहे. तो दुवा त्याच्या लेखात खुशाल द्या.

गोम

अवांतर : पुस्तकं विकणाऱ्यांचे दुवे देणाऱ्यांना सांगा, आयएसबीएन लिहिला की पुरे. त्यावरून पुस्तक शोधायचं विशेष पान उघडतं आणि ग्रंथालय की दुकान ते वाचक ठरवतो. नकाशांचंही तेच. अक्षांश-रेखांश द्या, कोणत्या कंपनीचा नकाशा पाहायचा ते त्याचं त्याला ठरवू दे.

ओढाळ

बरं, मी थोडा मऊ झालोय. तरी एक तोडगा सुचवतो. सगळे दुवे वेगळ्या यादीपानावर हलवा. लेखही स्वच्छ, माझ्या गाड्याही चालू.

पानगळ

हा प्रयोग वेगळ्या वाटेने होऊन गेलाय. पूर्वी लांबलचक यादी काढून तिच्या जागी डीमॉझ या निर्देशिकेतल्या त्या विषयाच्या पानाचा एकच दुवा द्यायचे. स्वयंसेवकांनी चालवलेली निर्देशिका होती ती, १९९८ पासूनची. छान सोय होती. मार्च २०१७ मध्ये ती बंद पडली आणि ते सगळे दुवेही लटकले. याद्या सांभाळणं हे पूर्ण वेळचं काम आहे. ज्ञानकोशाने ते अंगावर घेतलं तर लेख कोण लिहिणार?

ओढाळ

म्हणजे मला कुठेच थारा नाही तर.

अर्धविराम

आहे की, चर्चा पान! 'हे दुवे लेखात नको, पण लिहिणाऱ्याला उपयोगी पडतील' अशी यादी तिथे ठेवता येते. मी कापतो तेव्हा बरे वाटलेले दुवे तिथे नेऊन ठेवतो. मागून येणारा कोणी त्यांतून लेख वाढवतो. लालशाई, तुम्हाला उलटवलं त्याचं एक कारण मला हेही वाटतं. ३१ दुवे आणि दोन शब्दांचा सारांश. समोरच्याला वाटलं कोणीतरी कुऱ्हाड घेऊन आलंय. वाद झाल्यावर दुवा बाहेर राहतो आणि आत आणणाऱ्याने इतरांना पटवायचं असतं, हे खरं. पण तो नियम तोंडावर फेकायच्या आधी एकेकाचं कारण लिहिलं असतं तर वाद झालाच नसता कदाचित.

लालशाई

हे लागलं. आणि बरोबर आहे.

लालशाई

चार दिवसांनी हजेरी लावतेय. चर्चा पानावर ३४ च्या ३४ दुव्यांची यादी टाकली, प्रत्येकापुढे एका ओळीत कारण. त्यातच दोन संध्याकाळी गेल्या. उलटवणारे गृहस्थ आले. भले निघाले. नऊ मेलेल्यांवर वाद नाही. दुकानं, फेसबुक गट, स्कॅन, शोधनिकाल यांवरही नाही. शिकवण्यांपैकी एकीसाठी त्यांनी थोडी झुंज दिली, मग म्हणाले जाऊ दे. ऑनलाइन खेळायच्या सहा संकेतस्थळांवर मात्र अडलंय. 'खेळाच्या लेखातून खेळायला जाता येत नाही, हे कसं?' असं ते विचारतात, आणि एकाला ठेवलं तर बाकीच्या पाचांना कोणत्या तोंडाने नाही म्हणायचं, असं मी. ते अजून लटकलेलं आहे.

चार ब्लॉगांपैकी एका ब्लॉगवरच्या लेखात छापील पुस्तकांचे चांगले हवाले होते. ती पुस्तकं गाठून इतिहासाच्या विभागात एक परिच्छेद वाढवला. कोष्टकांचा दुवा त्याच्या योग्य पानावर हलवला.

काजवा, तुमचं पान रेटीच्या चर्चा पानावर मांडलंय, तुमचं आहे हेही लिहिलंय. दोन अनुकूल, एक प्रतिकूल. प्रतिकूल मत असं की आधी लेखात ती रचना नीट लिहा, मग दुव्याचं बघू.

काजवा

वाचलं. ते प्रतिकूल मत मला आधी झोंबलं, मग बसलो आणि लिहिलं. धूळपाटीवर (माझ्या सरावाच्या पानावर) ठेवलंय. आकृती लावली. चाली अशा : राजा जी ७, मग एफ ६, मग ई ५. इथे काळ्याने सी ६ वरचं प्यादं मारलं तर राजा एफ ४ वर येतो आणि एच पट्टीतलं प्यादं गाठतो. बरोबरी. कोणी पाहून सांगाल का?

वेलांटी

'पट्टीतलं' की 'उभ्या ओळीतलं'? तुमच्या लेखात दोन्ही आलंय. एकच ठेवा.

गोम

आणि अर्धीच बाजू लिहिलीत. राजा ई ५ वर आल्यावर काळ्याने प्यादं न मारता आपलं प्यादं एच ३ वर ढकललं तर? मग पांढरा राजा डी ६ वर जाऊन स्वतःच्या प्याद्याला आधार देतो आणि दोघांचेही वजीर होतात. गंमत त्या दुसऱ्या फांदीतच आहे, ती गाळू नका.

काजवा

टाकतो. आज रात्री.